फौजदारी अपील आणि अपीलकर्त्याची अनुपस्थिती : पाठपुराव्याअभावी अपील फेटाळण्याच्या प्रश्नाचा ऐतिहासिक आढावा

प्रस्तावना

फौजदारी खटल्यात शिक्षा झालेली व्यक्ती वरिष्ठ न्यायालयात अपील दाखल करते. काही वर्षांनी ते अपील सुनावणीस येते, पुकारा होतो आणि अपीलकर्ता किंवा त्याचा वकील यांपैकी कोणीही हजर नसते. अशा वेळी न्यायालयाने काय करावे, हा प्रश्न वरवर पाहता न्यायालयीन कामकाजाच्या तपशिलाचा वाटतो. प्रत्यक्षात त्याच्या उत्तरावर एखाद्याची जन्मठेप कायम होणे किंवा न होणे अवलंबून असते. म्हणूनच गेल्या सुमारे दीडशे वर्षांत भारतातील न्यायालयांना या प्रश्नाकडे पुन्हा पुन्हा वळावे लागले आहे.

न्यायालयापुढे तत्त्वतः तीन मार्ग असतात. पहिला, अपीलकर्त्याला स्वतःच्या अपिलात रस उरलेला नाही असे मानून ते पाठपुराव्याअभावी फेटाळणे. दुसरा, कोणी हजर नसले तरी खटल्याचा अभिलेख वाचून गुणदोषांवर निर्णय देणे. तिसरा, सरकारी खर्चाने वकील नेमून त्याचे म्हणणे ऐकल्यानंतरच निर्णय देणे. भारतीय न्यायालयांनी वेगवेगळ्या काळी या तिन्ही मार्गांचा अवलंब केलेला आढळतो.

‘सोडून दिलेले अपील’ या शब्दप्रयोगातच एक गृहीतक दडलेले आहे. सोडून देण्यासाठी सोडणाऱ्याची इच्छा लागते. परंतु न्यायालयाला दिसते ती केवळ अनुपस्थिती. इच्छा दिसत नाही. अनुपस्थितीवरून इच्छेचे अनुमान काढता येते काय, आणि काढता येत असल्यास कोणाच्या बाबतीत, हा या विषयाचा गाभा आहे. या प्रश्नाचा विकास १८६१ च्या पहिल्या फौजदारी प्रक्रिया संहितेपासून २०२४ मध्ये अमलात आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेपर्यंत तपासणे हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे. विवेचन दोषसिद्धीविरुद्ध आरोपीने केलेल्या अपिलांपुरते मर्यादित असून, सरकारने किंवा पीडित व्यक्तीने केलेल्या अपिलांचा विचार येथे केलेला नाही.

वसाहतकालीन पार्श्वभूमी

फौजदारी अपिलाची व्यवस्था भारतात इंग्लंडच्या आधी रुजली, ही बाब अनेकदा दुर्लक्षित राहते. इंग्लंडमध्ये ज्यूरीने दोषी ठरविलेल्या व्यक्तीला वस्तुस्थितीच्या मुद्द्यांवर दाद मागण्यासाठी स्वतंत्र फौजदारी अपील न्यायालय मिळाले ते १९०७ च्या अधिनियमाने. अॅडॉल्फ बेक या निरपराध माणसाला चुकीच्या ओळखीमुळे दोनदा दोषी ठरविले गेल्याचे प्रकरण त्या सुधारणेमागे होते. भारतात मात्र कंपनी सरकारच्या काळातच जिल्ह्यातील फौजदारी न्यायदानावर सदर अदालतींची देखरेख होती. मुंबई इलाख्यात हे काम सदर फौजदारी अदालतीकडे होते. १८६१ च्या कायद्यानुसार उच्च न्यायालये निर्माण झाली आणि १८६२ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात जुनी सर्वोच्च न्यायालयाची व सदर अदालतींची परंपरा एकत्र आली. त्याच सुमारास, १८६१ मध्ये, पहिली फौजदारी प्रक्रिया संहिता संमत झाली. पुढे १८७२, १८८२ आणि १८९८ मध्ये तिची जागा नव्या संहितांनी घेतली.

या व्यवस्थेत अपिलाला दुहेरी स्वरूप होते. एका बाजूने ते शिक्षा झालेल्या व्यक्तीचे गाऱ्हाणे मांडण्याचे साधन होते; दुसऱ्या बाजूने ते कनिष्ठ अधिकाऱ्यांवरील नियंत्रणाचे साधन होते. जिल्ह्यातील दंडाधिकारी बहुधा महसुली व प्रशासकीय कामही पाहत असत. त्यांच्या हातून होणाऱ्या न्यायदानाची तपासणी करणे ही राज्यकर्त्यांचीच गरज होती. अपीलकर्ता हजर असो वा नसो, वरिष्ठ न्यायालयाने कागदपत्रे पाहिलीच पाहिजेत, या दंडकाचे मूळ बऱ्याच अंशी या देखरेखीच्या कल्पनेत शोधता येईल.

ही सोय सर्वांना सारखी उपलब्ध नव्हती, हेही नमूद करावयास हवे. मुंबईसारख्या इलाखा शहरांत उच्च न्यायालयाच्याच मूळ फौजदारी अधिकारक्षेत्रात ज्यूरीसमोर चाललेल्या खटल्यांत वस्तुस्थितीवर अपील करता येत नसे. १९०८ मध्ये लोकमान्य टिळकांना झालेली सहा वर्षांच्या काळ्या पाण्याची शिक्षा अशाच खटल्यातील होती. अशा निकालांविरुद्ध त्याच न्यायालयाकडे अपिलाची तरतूद संहितेत आली ती १९४३ मध्ये, कलम ४११-अ च्या रूपाने.

‘वाचणे’ आणि ‘ऐकणे’ : संहितेची शब्दरचना

१८९८ च्या संहितेने अपिलाचे दोन टप्पे मानले होते. पहिला टप्पा कलम ४२१ चा. अपिलाचा अर्ज आणि निकालाची प्रत वाचून हस्तक्षेपास पुरेसे कारण नाही असे वाटल्यास न्यायालय अपील संक्षेपतः फेटाळू शकत असे. वकिलामार्फत किंवा स्वतः दाखल केलेल्या अपिलात मात्र त्याआधी म्हणणे मांडण्याची वाजवी संधी देणे आवश्यक होते. अपील या टप्प्यावर फेटाळले गेले नाही, तर ते दाखल करून घेऊन नोटिसा काढल्या जात आणि दुसरा टप्पा सुरू होई. त्याचे नियमन कलम ४२३ करीत असे. न्यायालयाने खटल्याचा अभिलेख मागवावा, तो वाचावा, अपीलकर्ता किंवा त्याचा वकील हजर झाल्यास त्याचे आणि सरकारी वकील हजर झाल्यास त्याचे म्हणणे ऐकावे व नंतर निर्णय द्यावा, असे ते कलम सांगत होते.

या शब्दरचनेकडे बारकाईने पाहिले असता एक महत्त्वाची गोष्ट लक्षात येते. ‘हजर झाल्यास’ ही अट ऐकण्याला जोडलेली आहे, वाचण्याला नाही. म्हणजे ऐकणे सशर्त आहे आणि वाचणे बिनशर्त. कोणी न आल्यास न्यायालयाचे ऐकण्याचे काम संपते, वाचण्याचे काम उरतेच. पुढील शतकभराचा सगळा वाद या एका भेदाभोवती फिरला, असे म्हणणे अतिशयोक्तीचे होणार नाही.

अनुपस्थितीचा परिणाम काय व्हावा हे कायदेमंडळाला सांगायचे होते तेथे त्याने ते स्पष्टपणे सांगितले आहे. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतील आदेश ४१, नियम १७ नुसार दिवाणी अपीलकर्ता गैरहजर राहिल्यास अपील त्या कारणास्तव फेटाळता येते. आणि नियम १९ नुसार पुरेसे कारण दाखविल्यास ते पुन्हा दाखल करून घेता येते. १९७६ च्या दुरुस्तीने नियम १७ ला स्पष्टीकरण जोडून अपीलकर्त्याच्या गैरहजेरीत गुणदोषांवर अपील फेटाळण्याचा अधिकार त्या नियमात नाही, हेही सांगून टाकले. फौजदारी संहितेतही तक्रारीवरून चाललेल्या समन्स खटल्यात तक्रारदार गैरहजर राहिल्यास आरोपीला दोषमुक्त करण्याची तरतूद १८९८ मध्ये कलम २४७ खाली होती व १९७३ मध्ये ती कलम २५६ खाली कायम राहिली. फौजदारी अपिलाच्या प्रकरणात मात्र अशी तरतूद कधीच घातली गेली नाही.

यातून दिवाणी आणि फौजदारी अपिले एकमेकांच्या नेमकी उलट ठरतात. दिवाणी अपीलकर्ता न आल्यास अपील गैरहजेरीमुळे फेटाळता येते, गुणदोषांवर नाही. फौजदारी अपीलकर्ता न आल्यास ते गुणदोषांवर फेटाळता येते, गैरहजेरीमुळे नाही. दिवाणी दावा ही पक्षकाराची मालमत्ता आहे आणि ती सोडून देण्याचा त्याला अधिकार आहे. शिक्षेचा प्रश्न मात्र राज्यसंस्थेच्या अधिकाराचा असल्याने तो योग्य रीतीने वापरला गेला की नाही हे अपीलकर्त्याच्या उत्साहावर सोडता येत नाही.

केवळ वाचणे पुरेसे आहे काय, हा पुढचा प्रश्नही एकोणिसाव्या शतकातच उपस्थित झाला होता. १८९१ मध्ये अलाहाबाद उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठापुढील ‘क्वीन-एम्प्रेस वि. पोहपी’ या प्रकरणात न्या. सय्यद महमूद यांनी अपील ‘ऐकले’ जाणे आणि नुसते ‘वाचले’ जाणे यांत फरक केला. वकील करण्याची ऐपत नसलेल्या बंदिवानाच्या बाजूने कोणीतरी बोलल्याशिवाय ऐकण्याची अट पुरी होत नाही, असा त्यांच्या मताचा आशय होता. १८९८ च्या संहितेने ‘हजर झाल्यास’ हेच शब्द ठेवल्याने हे मत कायद्याच्या शब्दांत उतरले नाही. परंतु त्यांनी मांडलेला प्रश्न एकविसाव्या शतकात पुन्हा सर्वोच्च न्यायालयापुढे आला, हे पुढे दिसेल.

मुंबई उच्च न्यायालय आणि एका शब्दाचे आदेश

स्वातंत्र्यानंतरच्या पहिल्या दोन दशकांत वाद प्रामुख्याने पहिल्या टप्प्यावरील फेटाळणीचा होता आणि त्यात मुंबई उच्च न्यायालयाची प्रकरणे ठळकपणे दिसतात. कामाचा भार मोठा असल्याने संक्षेपतः फेटाळलेल्या अपिलांवर अनेकदा ‘फेटाळले’ एवढाच आदेश लिहिला जाई. १९५३ मध्ये ‘मुश्ताक हुसेन वि. मुंबई राज्य’ या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने या पद्धतीबद्दल सौम्य शब्दांत नापसंती व्यक्त केली. विचारार्ह मुद्दे असलेले अपील संक्षेपतः फेटाळणे योग्य नव्हते आणि अशा प्रकरणांत उच्च न्यायालयाने आपल्या विचारांची काही तरी कल्पना आदेशात द्यावी, अशी अपेक्षा त्यात व्यक्त झाली.

१९५५ मध्ये ‘यू. जे. एस. चोप्रा वि. मुंबई राज्य’ हे प्रकरण आले. दारूबंदी कायद्याखालील दोषसिद्धीविरुद्धचे अपील मुंबई उच्च न्यायालयाने संक्षेपतः फेटाळले होते. त्यानंतर सरकारने शिक्षा वाढविण्यासाठी अर्ज केला, तेव्हा आपली दोषसिद्धीच चुकीची आहे असे म्हणण्याचा आरोपीचा अधिकार नाकारण्यात आला. सर्वोच्च न्यायालयाने तो अधिकार शाबूत असल्याचे सांगितले. संक्षिप्त आदेशाला किती अंतिमत्व द्यावयाचे यावर या निर्णयाने मर्यादा घातली. १९७० मध्ये ‘गोविंद कडतूजी कदम वि. महाराष्ट्र राज्य’ या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने एका शब्दाच्या फेटाळणीला पुन्हा आक्षेप घेतला. कारणे नसल्यास वरच्या न्यायालयाला काय तपासावयाचे हेच कळत नाही, ही अडचण या सर्व निर्णयांच्या मुळाशी होती.

१ एप्रिल १९७४ पासून अमलात आलेल्या १९७३ च्या संहितेत या अनुभवाचे प्रतिबिंब अंशतः पडले. कलम ३८४ खाली अपील संक्षेपतः फेटाळताना सत्र न्यायालय व मुख्य न्यायदंडाधिकारी यांनी कारणे नोंदविणे बंधनकारक झाले. उच्च न्यायालयाला कलमाच्या शब्दांनी ते बंधन घातले नाही. तेथे सर्वोच्च न्यायालयाचे निर्णयच मार्गदर्शक राहिले. तुरुंगातून पाठविलेले अपील, अपिलाची मुदत संपण्यापूर्वी संक्षेपतः फेटाळता येणार नाही, अशी तरतूदही झाली. असे अपील फेटाळल्यानंतर त्याच व्यक्तीने वकिलामार्फत केलेले अपील विचारात घेतले गेले नव्हते असे आढळल्यास न्यायहितासाठी ते ऐकता येईल, असेही त्यात नमूद झाले.

१९७१ ते १९९६ : पंचवीस वर्षांचा वाद

दुसऱ्या टप्प्यावरील, म्हणजे दाखल करून घेतलेल्या अपिलातील गैरहजेरीचा प्रश्न १९७१ मध्ये ‘श्यामदेव पांडे वि. बिहार राज्य’ या प्रकरणात स्पष्टपणे पुढे आला. पाटणा उच्च न्यायालयापुढे अपीलकर्त्यांच्या वतीने कोणी हजर नव्हते. उच्च न्यायालयाने सत्र न्यायालयाचा निकाल वाचून अपिलात तथ्य नसल्याचे सांगितले आणि ते फेटाळले. सर्वोच्च न्यायालयाने हा आदेश रद्द केला. निकालपत्र वाचणे पहिल्या टप्प्यावर पुरेसे असते. एकदा अपील दाखल करून घेतल्यावर कलम ४२३ लागू होते, आणि अभिलेख वाचल्याचे आदेशावरून दिसले पाहिजे, असे ठरले. ज्या निकालाबद्दल तक्रार आहे तोच निकाल वाचून तक्रारीचा निवाडा करता येत नाही. साक्षी पाहाव्या लागतात, हे यामागील तर्कशास्त्र होते.

सोळा वर्षांनी, १९८७ मध्ये, ‘रामनरेश यादव वि. बिहार राज्य’ या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या दुसऱ्या पीठाने वेगळी दिशा धरली. वकील गैरहजर असल्यास न्यायालयाने शिस्तीसाठी अपील पाठपुराव्याअभावी फेटाळावे किंवा बाब वकील परिषदेकडे न्यावी. परंतु गुणदोषांवर निर्णय द्यावयाचा असेल तर अपीलकर्त्याचे किंवा त्याच्या वकिलाचे म्हणणे ऐकलेच पाहिजे, आणि त्यासाठी सरकारी खर्चाने वकील नेमता येईल, असे या निर्णयात म्हटले होते. न ऐकता कोणालाही गुणदोषांवर दोषी ठरवू नये, ही त्यामागील भूमिका निश्चितच उदार होती. मात्र तिचा एक परिणाम विपरीत झाला. पाठपुराव्याअभावी फेटाळणीला प्रथमच सर्वोच्च न्यायालयाची मान्यता मिळाली. वकिलाच्या चुकीची शिक्षा अशिलाने भोगावी, असा तिचा व्यावहारिक अर्थ निघू लागला.

या दोन निर्णयांतील विसंगती १९९६ मध्ये ‘बानी सिंग वि. उत्तर प्रदेश राज्य’ या प्रकरणात तीन न्यायमूर्तींच्या पीठापुढे आली. अलाहाबाद उच्च न्यायालयाने रामनरेश यादव निर्णयाचा आधार घेऊन अपील पाठपुराव्याअभावी फेटाळले होते. सरन्यायाधीश अहमदी यांच्या पीठाने संहितेच्या शब्दांकडे परत जाऊन १९७१ चा निर्णय योग्य आणि १९८७ चा अयोग्य ठरविला. दाखल करून घेतलेले फौजदारी अपील पाठपुराव्याअभावी फेटाळण्याची कल्पना संहितेत नाही. अभिलेख वाचून गुणदोषांवरच ते निकालात काढावे लागते, असे त्यांनी सांगितले. अपीलकर्ता व वकील दोघेही गैरहजर असल्यास सुनावणी पुढे ढकलण्याचे बंधन न्यायालयावर नाही. मात्र अपीलकर्ता तुरुंगात असेल तर तो स्वतः येऊ शकत नाही, म्हणून दुसरी तारीख द्यावी. योग्य वाटल्यास सरकारी खर्चाने वकील नेमावा. गैरहजेरीत दिलेल्या निर्णयाने अन्याय झाल्यास वरिष्ठ न्यायालयात दाद मागता येते, असेही पीठाने नोंदविले.

या निर्णयातील शेवटचा मुद्दा मात्र विचार करण्याजोगा आहे. दिवाणी अपील पुन्हा दाखल करून घेण्याची सोय आहे; फौजदारी संहितेत तशी सोय नाही. उलट स्वाक्षरी झालेल्या निकालात लेखनप्रमाद वगळता बदल करण्यास १९७३ च्या संहितेचे कलम ३६२ प्रतिबंध करीत होते. त्यामुळे उच्च न्यायालयाने एकदा निर्णय दिला की त्या माणसासाठी उरते ते फक्त दिल्लीचे दार. ज्याला जिल्ह्याच्या ठिकाणी वकील मिळाला नाही, त्याला ते किती उघडे असेल, याची कल्पना करणे कठीण नाही.

मौनाची कारणे

अपीलकर्ते गैरहजर का राहतात, हे पाहिल्याशिवाय वरील वादाचे सामाजिक महत्त्व कळत नाही. या दृष्टीने १९७८ चे ‘माधव हयवदनराव होसकोट वि. महाराष्ट्र राज्य’ हे प्रकरण बोलके आहे. मुंबई उच्च न्यायालयाने १९७३ मध्ये शिक्षा वाढवून तीन वर्षांची केली होती. सर्वोच्च न्यायालयाकडील अर्ज आला तो सुमारे चार वर्षांहून अधिक विलंबाने, शिक्षा भोगून झाल्यावर. उच्च न्यायालयाने निकालाची प्रत तुरुंगाकडे पाठविली होती. पण ती बंद्याच्या हाती पडल्याचा पुरावा नव्हता. अर्ज फेटाळला गेला, तरी न्या. कृष्ण अय्यर यांनी या निमित्ताने निकालाची विनामूल्य प्रत वेळेत मिळणे आणि गरजूला मोफत कायदेविषयक साहाय्य मिळणे हे अपिलाच्या हक्काचेच भाग आहेत, असे प्रतिपादन केले. बाहेरून पाहणाऱ्याला जे ‘सोडून दिलेले’ दिसते, ते प्रत्यक्षात तुरुंगाच्या कार्यालयात अडकलेला कागद असू शकते.

दुसरे कारण विलंबाचे आहे. १९७७ मध्ये ‘काश्मिरा सिंग वि. पंजाब राज्य’ या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने मान्य केले की अपील वर्षानुवर्षे ऐकले जाणार नसेल तर अपीलकर्त्याला तोवर तुरुंगात ठेवणे न्यायाचे नाही. यातून शिक्षा स्थगित करून जामीन देण्याकडे कल वाढला आणि ते योग्यच होते. पण अपील दहा-पंधरा वर्षांनी सुनावणीस आल्यावर वकील बदललेला किंवा निवर्तलेला असतो, अशिलाचा पत्ता बदललेला असतो, जामीनदाराशी संबंध उरलेला नसतो. काही जण हेतुपुरस्सर दडून बसतात, हेही खरे. न्यायालयाच्या फलकावर मात्र दोन्ही प्रकारची नावे सारखीच दिसतात.

१९७६ मध्ये ४२ व्या घटनादुरुस्तीने अनुच्छेद ३९-अ द्वारे मोफत कायदेविषयक साहाय्याचे तत्त्व स्वीकारले गेले. १९८७ चा विधी सेवा प्राधिकरण अधिनियम ९ नोव्हेंबर १९९५ पासून अमलात आला. त्यामुळे बानी सिंग निर्णयाने सुचविलेला सरकारी खर्चाचा वकील निदान कागदोपत्री तरी उपलब्ध झाला.

बानी सिंगनंतर : बंदिवान आणि फरारी

एकविसाव्या शतकात प्रश्नाचे दोन प्रवाह झाले. पहिला प्रवाह वकिलाविना निर्णय देता येतो काय, याचा. २०११ मध्ये ‘मोहम्मद सुकुर अली वि. आसाम राज्य’ या प्रकरणात वकिलाचे नाव सुनावणीच्या यादीत न आल्याने तो गैरहजर राहिला होता. वकिलाच्या अनुपस्थितीत आरोपीविरुद्ध निर्णय देऊ नये, न्यायमित्र नेमावा, असे दोन न्यायमूर्तींच्या पीठाने ठरविले. एका अर्थाने न्या. महमूद यांचा विचार एकशेवीस वर्षांनी परतला. परंतु २०१३ मध्ये ‘के. एस. पांडुरंग वि. कर्नाटक राज्य’ या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने दाखवून दिले की हा निर्णय तीन न्यायमूर्तींच्या बानी सिंग निर्णयाशी जुळत नाही आणि म्हणून बंधनकारक नाही. वकील नेमणे इष्ट असले तरी प्रत्येक प्रकरणात अनिवार्य नाही, ही भूमिका कायम राहिली. नेमलेला न्यायमित्र नाममात्र असू नये, हा मुद्दा २०१९ मध्ये ‘अनोखीलाल वि. मध्य प्रदेश राज्य’ या प्रकरणात पुढे आला. जन्मठेप किंवा फाशीची शक्यता असलेल्या प्रकरणांत किमान दहा वर्षे वकिली केलेल्या व्यक्तीचीच नेमणूक व्हावी आणि तयारीसाठी साधारणतः किमान सात दिवस मिळावेत, असे मानदंड घालून देण्यात आले.

दुसरा प्रवाह फरारी अपीलकर्त्यांचा. २०१३ मध्येच ‘सूर्यबक्ष सिंग वि. उत्तर प्रदेश राज्य’ या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने जामीन मिळताच नाहीसे होणाऱ्या अपीलकर्त्यांबद्दल तीव्र चिंता व्यक्त केली. जामीनदारांवर कारवाई करावी आणि तरीही अपीलकर्ता सापडला नाही तर न्यायालय अपील फेटाळू शकते, असे त्यात म्हटले आहे. त्याचबरोबर अलाहाबाद उच्च न्यायालयाने न्यायमित्र न नेमता गुणदोषांवर दिलेला निर्णयही उचलून धरण्यात आला. यातील पहिले विधान बानी सिंगशी कसे जुळवावयाचे, अशी शंका राहिली. २०२२ मध्ये ‘धनंजय राय वि. बिहार राज्य’ या प्रकरणात ती बरीचशी दूर झाली. पाटणा उच्च न्यायालयाने अपीलकर्ता फरारी आहे एवढ्याच कारणाने खुनाच्या दोषसिद्धीविरुद्धचे अपील फेटाळले होते. न्या. अभय ओक आणि न्या. सुंदरेश यांच्या पीठाने उच्च न्यायालयाचा संताप समजण्याजोगा असल्याचे मान्य केले. पण दाखल करून घेतलेले अपील गुणदोषांत न शिरता फेटाळण्यास तो आधार होऊ शकत नाही, असे सांगून अपील पुनरुज्जीवित केले.

हे धोरण सर्वत्र स्वीकारले गेलेले नाही. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १८७६ च्या ‘स्मिथ’ प्रकरणापासून फरारी व्यक्तीचे अपील ऐकण्यास नकार दिला आणि १९७० च्या ‘मोलिनारो’ प्रकरणात ते फेटाळण्याचेच तत्त्व स्वीकारले. १९९३ मध्ये ‘ओर्तेगा-रॉड्रिगेझ’ प्रकरणात त्याला काही मर्यादा घातल्या. उलट युरोपीय मानवी हक्क न्यायालयाने १९९३ च्या ‘प्वात्रिमोल वि. फ्रान्स’ या निर्णयात, अटकेसाठी हजर न झाल्याबद्दल अपिलाचा मार्गच बंद करणे ही प्रमाणाबाहेरची शिक्षा मानली. भारतीय भूमिका या दुसऱ्या विचाराला जवळची आहे. फरारी होण्यासाठी जामीन रद्द करणे, वॉरंट काढणे, जामीनदाराकडून रक्कम वसूल करणे असे स्वतंत्र उपाय आहेत. दोषसिद्धी बरोबर की चूक, हा प्रश्न त्याहून वेगळा आहे.

कायमची अनुपस्थिती

अपीलकर्त्याचा मृत्यू ही अनुपस्थितीची अंतिम अवस्था होय. १८९८ च्या कलम ४३१ नुसार दंडाच्या शिक्षेविरुद्धचे अपील वगळता दोषसिद्धीविरुद्धचे अपील अपीलकर्त्याच्या मृत्यूने उपशमित होत असे. दंडाचा बोजा वारसांच्या मालमत्तेवर येतो म्हणून अपवाद. केवळ तुरुंगवास असेल तर माणसाबरोबर शिक्षाही संपली, असा हिशेब होता. त्यात कलंकाला स्थान नव्हते. १९७३ च्या संहितेच्या कलम ३९४ ने ही उणीव काही अंशी दूर केली. मृत्युदंड किंवा कारावासाच्या शिक्षेविरुद्धचे अपील चालू असताना अपीलकर्ता मरण पावल्यास आई-वडील, पती किंवा पत्नी, वंशज, भाऊ किंवा बहीण यांना तीस दिवसांत परवानगी मागून अपील पुढे चालविता येऊ लागले. जो कधीच हजर होऊ शकणार नाही त्याच्याही दोषसिद्धीची तपासणी व्हावी, हे येथे कायदेमंडळानेच मान्य केले.

२०२३ ची संहिता

१ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता अमलात आली. अपिलाविषयीच्या तरतुदींचे क्रमांक बदलले. कलम ३८४ चे ४२५, ३८६ चे ४२७ आणि ३९४ चे ४३५ झाले. अभिलेख वाचण्याचे बंधन आणि ‘हजर झाल्यास’ ऐकण्याची अट पूर्ववत राहिली. म्हणून बानी सिंगचा सिद्धांत नव्या संहितेखालीही लागू पडतो, असे म्हणण्यास जागा आहे. मात्र कलम ३५६ ने एक नवी गोष्ट आणली. घोषित फरारी आरोपीविरुद्ध त्याच्या अनुपस्थितीत खटला चालवून निकाल देण्याची सोय या कलमाने केली आहे. अशा निकालाविरुद्ध तो स्वतः अपील न्यायालयापुढे हजर झाल्याशिवाय अपील करता येणार नाही आणि निकालापासून तीन वर्षांनंतर दोषसिद्धीविरुद्ध अपील चालणार नाही. हजेरी ही अपिलाची पूर्वअट होण्याचा हा ठळक प्रसंग आहे. ही अट अपिलाच्या प्रवेशद्वाराशी आहे. आधीच दाखल करून घेतलेल्या अपिलाला ती लागू करणे संहितेच्या रचनेशी सुसंगत ठरणार नाही.

निष्कर्ष

वरील विवेचनातून पुढील निष्कर्ष निघतात.

१) १८९८ पासून आजपर्यंत संहितेने अभिलेख वाचण्याचे कर्तव्य अपीलकर्त्याच्या हजेरीवर कधीही अवलंबून ठेवलेले नाही. पाठपुराव्याअभावी फेटाळणी ही कायद्याच्या शब्दांतून नव्हे, तर कामाच्या ओझ्यातून आणि शिस्तीच्या अपेक्षेतून आलेली प्रथा होती.

२) वसाहतकाळात जे कर्तव्य मुख्यतः देखरेखीसाठी होते, तेच स्वातंत्र्यानंतर व्यक्तीच्या हक्काचे संरक्षण झाले. शब्द तेच राहिले, त्यांचा आधार बदलला.

३) बंदिवानाची, वकिलाने दुर्लक्ष केलेल्याची आणि फरारी व्यक्तीची अनुपस्थिती या तीन वेगळ्या गोष्टी आहेत. न्यायालयांनी पहिल्या दोघांना सवलत आणि तिसऱ्याला इतर मार्गांनी शासन अशी विभागणी हळूहळू केली आहे.

४) अभिलेख वाचण्याचे बंधन पक्के झाले असले तरी वकिलामार्फत ऐकले जाण्याचा प्रश्न न्यायालयाच्या विवेकावरच राहिला आहे. १८९१ मध्ये न्या. महमूद यांनी उपस्थित केलेली शंका त्यामुळे आजही निकाली निघालेली नाही.

व्यवहाराच्या पातळीवर दोन गोष्टी लगेच करता येण्यासारख्या आहेत. अपील सुनावणीस येण्यापूर्वी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणामार्फत तुरुंगातील प्रत्येक अपीलकर्त्याला तारखेची व वकिलाच्या नावाची लेखी माहिती देणे, ही पहिली. विधी महाविद्यालयांतील साहाय्य केंद्रांनी जामिनावर असलेल्या अपीलकर्त्यांचे पत्ते व वकीलपत्रे अद्ययावत ठेवण्यास मदत करणे, ही दुसरी. पुकारा झाल्यावर कोणी उभे न राहिल्यास, त्या माणसाला तारीख कळली होती काय, हे न्यायाधीशाला तेव्हा निदान विचारता येईल.